तीन सुरांचं दुकान

साताऱ्याच्या जुन्या संगणक-खेळांच्या केंद्रात रेहाना तांबोळीने खोतकाकांची डिस्क जोडली. काकू गेल्यावर ती त्यांच्या कपाटात सापडली होती. आतला खेळ शाबूत होता, पण तो ज्या ऑनलाइन दुकानातून घेतला त्याच दुकानाच्या लाँचरमधून, म्हणजे खेळ सुरू करून देणाऱ्या प्रोग्रॅममधून, उघडणार होता. अशी सगळी दुकानं बंद पडून तीस वर्षं झाली होती. केंद्राने त्यांतल्या अकरा दुकानांचे लाँचर जपले होते. मात्र चुकीचा लावला, तर काकूंनी खेळात उभं केलेलं सगळं पुसलं गेलं असतं.

"काका, खेळ उघडताना चिन्ह कसलं दिसायचं?"

"मी त्या पडद्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही गं. ती तिथे शेती करत बसायची आणि मी स्वयंपाकघरातून करवादायचो."

"मग ऐकू काय यायचं?"

 काकांनी हलकेच शीळ घातली. दोन सूर चढे, तिसरा लांबवर उतरता. "हे वाजलं की समजायचं, आजचा चहा आपल्यालाच करायचाय."

रेहानाने एकेका लाँचरची धून वाजवली. सातवी जुळली. तरी ती पुन्हा एकदा ऐकून मगच तिने तो लाँचर लावला.

पडद्यावर हिरवंगार शेत उघडलं. काकूंच्या घराशेजारी एक रिकामं घर होतं आणि त्याच्या दारावर पाटी: 'दिगंबर खोत यांना खेळायला बोलावलं आहे. त्यांच्या होकाराची वाट पाहत आहोत.' तारीख एकतीस वर्षांपूर्वीची होती.

काकांनी चष्मा पुसला आणि खुर्ची पुढे ओढली.

"पोरी, हो म्हणायला कुठलं बटण दाबायचं?"