बोटाखालचं नाव

भीमपूरजवळ, पैनगंगेच्या काठच्या शेतात कापूस निंदताना बयनाबाईला दगड झालेली एक दाढ सापडली. ती हजारो वर्षांपूर्वीच्या माणसाची निघाली. विद्यापीठातला संशोधक सुरेंद्र याच्या हातावर ती ठेवताना बाईनं एवढंच मागितलं होतं, "माहं नाव लिवजा बरं, साहेब."

दोन वर्षांनी सुरेंद्रला तिच्या त्याच शेतात खणायला तिची परवानगी हवी होती, म्हणून तो छापलेला लेख घेऊन आला. लेख इंग्रजीत होता. दाढ आपल्याला सापडली, असं त्यानं लिहिलं होतं. मसुद्यातलं बाईचं नाव त्यानं छापण्याआधी स्वतःच्या हातानं खोडलं होतं.

बयनाबाईनं हात पदराला पुसले आणि कागद मांडीवर घेतला. "कुठी हाय माहं नाव?"

खरं सांगायला सुरेंद्रची जीभ उचलेना. त्यानं पहिल्या ओळीवर बोट टेकवलं. "हे काय, इथं." तिथं त्याचंच नाव होतं.

ती त्या अक्षरांवरून हात फिरवत राहिली. तेवढ्यात आदिलाबादच्या कॉलेजात शिकणारी तिची मुलगी रूपाली चहा घेऊन बाहेर आली.

"रूपाले, वाच बरं. मले आयकू दे."

रूपालीनं वाकून ती ओळ वाचली. मग पानं उलटून शेवटपर्यंत पाहिलं. सुरेंद्र मान खाली घालून बसला.

"हो माय," ती म्हणाली, "तुहंच नाव हाय. पयलंच."

चहाचा कप त्याच्यापुढे ठेवताना मात्र तिनं त्याच्याकडे पाहिलं नाही.