पुरुषांच्या हातचं

दुसऱ्या बारमध्ये गाईड पोरगी ऑलिव्हवर बोलायला लागली आणि एदुर्नेने मनातल्या मनात कपाळावर हात मारला. काडीला टोचलेला एक ऑलिव्ह, एक खारवलेला मासा, एक मिरची. तोंडात टाकायचं आणि पुढे निघायचं. त्यावर कसलं आलंय व्याख्यान?

"तिन्ही एका घासात घ्यायचं हं, काकू," गाईड आयनोआ म्हणाली.

"कळतं मला," एदुर्ने फणकारली आणि लगेच जीभ चावली. आज ती दूरच्या सोरिया गावाहून आलेली होती. सोरियाच्या बाईला इथलं काही कळायचं कारण नव्हतं.

खरं तर ती नदीपलीकडेच राहायची. स्पेनमधल्या ज्या सान सेबास्तियान गावात सगळा जन्म गेला, तिथेच खोटं नाव सांगून, डोक्याला रुमाल बांधून खाऊसहलीला यायची पाळी तिच्यावर आली होती. ती आणली होती नवऱ्याने.

फेर्मिन खवय्यांच्या एका मंडळाचा सभासद होता. या गावात पुरुषांची अशी मंडळं गल्लोगल्ली आहेत. स्वतःचं स्वयंपाकघर, स्वतःचं लांबलचक टेबल, आणि ओट्याकडे बायकांना मज्जाव. बाकीची मंडळं निदान सणासुदीला बायकांना जेवायला तरी बोलावतात. फेर्मिनच्या मंडळाला तेवढंही कधी सुचलं नाही. इतक्या वर्षांत एदुर्नेने तिथल्या एकाही सभासदाच्या बायकोचं तोंड पाहिलं नव्हतं.

दर गुरुवारी सकाळी ती हेक माशाच्या हनुवटीखालच्या मऊ मांसाचा हिरवा रस्सा करायची. चमचा न लावता, नुसतं मातीचं भांडं हलवत, मनगट भरून येईपर्यंत. फेर्मिन ते फडक्यात बांधून मंडळात न्यायचा. "सगळे बोटं चाटतात," रात्री येऊन सांगायचा. तेवढ्यावर ती खूश होती.

मग गेल्या महिन्यात केस कापायला गेली, तर दुकानाच्या काचेवर या सहलीची जाहिरात. एप्रन घातलेला फेर्मिन, आणि खाली ठळक अक्षरांत: शेवटचा थांबा मंडळात, तिथे फेर्मिन यांचा प्रसिद्ध रस्सा, बाईचा हात न लागलेला.

घरी जाब विचारून काय होणार होतं? तो हसला असता, तिच्या गालाला हात लावला असता, आणि पुढच्या गुरुवारी पुन्हा भांडं न्यायला हजर झाला असता. एदुर्नेला चारचौघांत बोलायचं होतं. त्याच्याच मंडळात, त्याच्याच टेबलाशी, एकच वाक्य: हा रस्सा माझा आहे.

पण सहल पुढे सरकेल तर ना! मेक्सिकोहून आलेलं नवं जोडपं प्रत्येक बशीचा फोटो काढल्याशिवाय खात नव्हतं. सारागोसाची पिलार नावाची ठेंगणी बाई प्रत्येक बशीला नावं ठेवल्याशिवाय खात नव्हती.

"या ऑम्लेटमधला कांदा करपलाय," तिसऱ्या बारमध्ये ती म्हणाली. "आणि हे स्क्विड गोठवलेलं. आज सकाळी बाजारात इतकं ताजं होतं, तरी यांना दळभद्रं सुचतं."

"पिलारबाई, सगळीकडची चव वेगळी असते," आयनोआ समजुतीने म्हणाली.

"हो ना, वाईटसुद्धा किती तऱ्हांनी लागतं!"

एदुर्नेला ते पुरेपूर पटलं. पण ही वाद घालणार, म्हणजे आणखी उशीर. तिचा जीव नुसता कावला.

त्यातल्या त्यात शहाणी होती ती काळ्या चष्म्याची उंच बाई. बुर्गोसची म्हणे. तोंडातून चकार शब्द नाही, आणि पाय असे उचलत होती की वळणावर गाईडच्याही आधी वळत होती. चला, आपल्यासारखी घाई आणखी कुणाला तरी आहे, एदुर्नेला बरं वाटलं.

देवळासमोर आयनोआ परत थांबली. "या संताची गोष्ट सांगते हं."

"अगं बाई, संत कुठे पळून जात नाही!" एदुर्नेचा तोल सुटला. "जेवण थंड होतंय तिकडे!"

पिलार फसकन हसली. आयनोआचं तोंड उतरलं, पण निघाली एकदाची.

मंडळाच्या दारात तिने बजावलं, "बायकांनी टेबलापर्यंतच यायचं. ओट्याकडे नाही. रीतच आहे इथली."

आत तीन पुरुष ओळीने उभे होते, एप्रन कडक इस्त्रीचे. टेबलावर हिरवा रस्सा, स्वतःच्याच शाईत शिजवलेलं काळं स्क्विड आणि साय भरलेला पापुद्र्यांचा केक. रस्सा वाढत होता फेर्मिन. रुमाल पुढे ओढून मान खाली घातलेल्या बायकोकडे त्याचं लक्षही गेलं नाही.

मेक्सिकोच्या पोरीने पहिला घास घेतला आणि डोळेच मिटले. "काका, काय जादू केलीत हो?"

"जादू कसली?" फेर्मिन लाजल्यासारखं करत म्हणाला. "मनगट लागतं त्याला."

एदुर्नेच्या डोक्यात तिडीक गेली. मनगट! ती उठली. डोक्यावरचा रुमाल सोडला.

"फेर्मिन."

त्याच्या हातातला डाव टेबलावर पडला. चेहरा पांढराफटक. शेजारचे दोघेही तसेच पांढरे पडले होते, पण ते तिच्याकडे बघत नव्हते.

"लोकहो," एदुर्नेने सुरुवात केली, आणि तिच्या बाजूची खुर्ची करकरली. सारागोसाची पिलार उभी राहिली होती.

"आधी तुम्ही बोला, ताई," ती म्हणाली. "रश्श्याचं उरकलं की स्क्विडचं मी सांगते."

"आणि केकचं मी," बुर्गोसची बाई म्हणाली.