कर्ज फिटल्याचा झेंडा

गृहकर्जाची तीस वर्षं आज संपली, म्हणून वुब्बोने देवाचे आभार मानून घरावर झेंडा लावला आणि सफरचंदाचा केक कापला. जन्मभर भाड्याच्या घरात राहिलेला मित्र श्युर्द समोर बसला होता. “भाडं म्हणजे कालव्यात टाकलेले पैसे, लेका,” वुब्बोने नेहमीसारखा चिमटा काढला. “इथली वीटन् वीट आता माझी!” तेवढ्यात बँकेतून घराचे कागद आणायला गेलेली लेक रिकाम्या हाताने परतली. “बाबा, हप्ता हलका पडतो म्हणून तुम्ही नुसतं व्याज भरायचं कर्ज घेतलं होतं. मुद्दल जसंच्या तसं आहे, आणि आता एकदम द्यायचंय.” “मग घर विकावं लागेल?” वुब्बोने विचारलं. लेकीने मान खाली घातली. वुब्बो श्युर्दच्या टोमण्याची वाट पाहत राहिला. श्युर्दने बशी हळूच बाजूला ठेवली. “आमच्या शेजारचं घर रिकामं होतंय,” तो म्हणाला. “घरमालकाला तुझं नाव सुचवू?”