दारं धरणारा माणूस

मशीनला शिकवायचं काम मी येडगावात घरी बसूनच करायचे. ड्रोननं काढलेल्या फोटोतल्या माणसाभोवती चौकट ओढायची, त्याच्या हातात अवजार आहे की शस्त्र, ते निवडायचं. शंका आली तर शस्त्र, असा कंपनीचा नियम. एका फोटोत परदेशातला माणूस पाटाशी वाकला होता, हातात लांब दांडा. तो पिकाला पाणी देतोय, दारं धरतोय, हे मला लगेच कळलं. तरी कंपनीशी वाद नको म्हणून मी ‘शस्त्र’ दाबलं. आज टीव्हीवर बातमी लागली: तिकडच्या युद्धात ड्रोननं स्वतःच ठरवून शेतात पाणी भरणारे तिघे मारले. खांद्यावर फावडं घेऊन उसाला पाणी द्यायला निघालेली आई दारातच थांबली. “आसं कसं? मारायच्या आधी येका तरी माणसानं बघितलं आसंल की!” मी तिच्या खांद्यावरचं फावडं काढून घेतलं. “बघितलं व्हतं, आई. मीच.”