पुरं नाव

पूर्णिमाचे आबा माजी सैनिक होते. एकाहत्तरच्या लढाईत त्यांच्या शेजारी धारातीर्थी पडलेल्या मित्राचं नाव घरासमोरच्या रस्त्याला मिळालं, पण लोक गिरणीची गल्लीच म्हणत राहिले. ‘शहीद हंबीरराव खाडे मार्ग’ हे पुरं नाव रिक्षावाल्याने उच्चारल्याशिवाय आबा आत बसत नसत. वेळ पडली तर चालत येत. आबा गेले, आता ते नाव कोण घेणार, ही रुखरुख घेऊन ती महिन्याने कागलहून आली. तरी रिक्षात बसताना सवयीने तीच म्हणाली, “गिरणीची गल्ली.” रिक्षावाला मागे वळला. “ताई, तसं म्हणू नगासा. शहीद हंबीरराव खाडे मार्ग! एक म्हातारा हाय, पुरं नाव घेतल्याबिगर बसतच न्हाय. आमच्या स्टँडवर समद्यांचं पाठ झालंय बघा.” पूर्णिमा खाली उतरली, त्याला हात जोडून पुरं नाव म्हणाली. “हां, आता बसा की!”