हातोडी नको

मधमाश्यांच्या पेट्या आणि भिंत यांच्यामधल्या बोळकांडीत आडवा होऊन गाश्पर सुतार त्या पेट्या ठेवायच्या लाकडी खोपटाच्या फळ्या ठोकत होता. तिथे हातोडी उगारायला जागाच नव्हती. म्हणूनच नेझाकाकूंनी बॅटरीवरची, खिळे मारायची नेलगन आणायला सांगितली असणार, असं तो समजून चालला होता. पण बाहेरच्या मोकळ्या बाजूला त्याने हातोडी उचलली, तर काकूंनी मनगटच धरलं.

"हातोडी नको म्हटलं ना!"

"अहो काकू, दणका ह्या यंत्राचाच जास्त. माश्या उलट ह्यानेच चवताळतील."

"चवताळू देत. चावल्या तर मी आहे मलम लावायला. पण आमचे हे ल्युब्लियानाच्या दवाखान्यातून घरी येईपर्यंत पेटीला हातोडीचा ठोका ऐकू जाता कामा नये."

म्हातारीचं खूळ! गाश्पर पुन्हा बोळकांडीत शिरला.

तेवढ्यात घरातला फोन वाजला. आत गेलेल्या काकू बऱ्याच वेळाने बाहेर आल्या, त्या डोक्याला काळा रुमाल बांधून.

"दे आता ती हातोडी. अशी खबर माश्यांना ठोका देऊनच सांगायची असते."

एकेका पेटीवर हलकेच ठोका मारत, वाकून त्या सांगत गेल्या, "बायांनो, धनी गेले."