विनातिकीट भुंगेरे

आजही भोपळ्याच्या पानावर तांबडे भुंगेरे होते.

अण्णांनी पान उलटं केलं, सुलटं केलं, चष्मा सारखा करून पुन्हा पाहिलं. भुंगेरे चांगले गुबगुबीत, पान मात्र धड. एक भोक नाही! जेवायला आलेले पाहुणे ताटाला हात न लावता बसून राहतात का कधी?

"हे इथले नाहीत," अण्णा पुटपुटले. "कोणीतरी आणून सोडतंय."

उभा जन्म रेल्वेत तिकिटं तपासण्यात गेलेला. विनातिकीट माणूस त्यांना नुसत्या चालीवरून कळायचा, तिथे भुंगेऱ्यांची काय कथा! एकेक चिमटीत धरून त्यांनी साबणाच्या पाण्यात बुडवला. पहाटेच्या गारव्यात हे लेकाचे सुस्त असतात. ऊन चढलं की हातावर तुरी देतात. मग त्यांनी पानाखाली आणि बुंध्याशी अंडी शोधली, ती नव्हतीच. तरी कोवळ्या पानांवर राख भुरभुरली.

तो भोपळ्याचा वेल काही साधासुधा नव्हता. बी त्यांच्या बायकोने स्वतःच्या हाताने लावलं होतं, आणि कोंब वर यायच्या आत ती गेली. वेल गेला तर तिचं म्हणून परसात काहीच उरणार नव्हतं. अण्णांना ते सहन झालं नसतं.

संशय अर्थातच शेजारच्या कंपाउंडरवर. त्याच्याही अंगणात भोपळा होता, आणि दोघांचं सख्य विळ्याभोपळ्याचं.

"काय अण्णा, आज किती बळी?" कंपाउंडरने कुंपणापलीकडून विचारलंच.

"तुला रे कशाला नसत्या चौकशा?"

"सहज आपलं."

सहज म्हणे! अण्णा पाय आपटत घरात आले.

"सूनबाई, संध्याकाळी जहाल औषध आणतो. एकदाच फवारलं की सगळे खलास."

"नको, नको!" सून चुलीपुढून एकदम वळली. "विष कशाला, अण्णा? राखेनं भागतंय की."

अण्णांच्या मनात पाल चुकचुकली. भुंगेरे मरणार म्हणून ही का घाबरली? कुठेतरी पाणी मुरत होतं. औषधाचा बेत लांबणीवर टाकून ते गुपचूप चहा प्यायले.

दुसऱ्या दिवशी नेहमीपेक्षा लवकर उठून ते न्हाणीच्या खिडकीआड उभे राहिले. जरा फटफटलं, तसं मागचं दार हळूच उघडलं. सून अनवाणी बाहेर आली. कुंपणापलीकडून कंपाउंडरने तिच्या हातात एक बरणी दिली, झाकणाला भोकं पाडलेली. सुनेने ती वेलावर उपडी केली. पानांवर तांबडे ठिपके सांडले.

अण्णांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. कुंपणच शेत खात होतं! कपडे वाळत घालायला ती जागा बरी, असं ही एकदा म्हणाली होतीच. म्हणजे सासूची शेवटची खूणसुद्धा हिच्या डोळ्यांत खुपत होती? आणि पोरीसारखं वागवलं हिला! अण्णांचे डोळे भरून आले. ओरडायला त्यांनी तोंड उघडलं, तेवढ्यात कंपाउंडर दबक्या आवाजात बोलला.

"वहिनी, माझ्या वेलावरचे आता संपत आले. पुढचे माझ्या मावशीच्या मळ्यातून आणतो. पण हे असं किती दिवस चालवायचं?"

"जमेल तितके दिवस चालवू, भाऊ." सून बरणी झटकत होती. "आई गेल्या तेव्हा अण्णा भिंतीकडे तोंड करून पडले होते, पाण्याचा घोटसुद्धा घेईनात. नुकत्या आलेल्या कोंबावर पहिला भुंगेरा आलाय असं मी सांगितलं, तेव्हा कुठे उठून बसले आणि चहा मागितला. आता हे भुंगेरे संपले ना, तर अण्णा परत अंथरूण धरतील."